दुसऱ्याचं लेकरू

कोको तुंबा धुरावत होती. ओलोइरिएनची, म्हणजे रानजैतुनाची काठी चुलीत धरायची, टोक लालबुंद झालं की तुंब्याच्या तोंडातून आत घालायची आणि घोळवत राहायची. काठी आतल्या अंगाला घासते, कोळशाची पूड चिकटते. मग गाईच्या शेपटीच्या केसांचा कुंचा घेऊन ती पूड झटकून काढायची. अशा तुंब्यात दूध टिकतं आणि त्याला धुरकट गोडी येते. मासाई माणसाला त्या वासावाचून दूध दुधासारखं लागत नाही. पण हा २००९ चा सप्टेंबर होता. लागोपाठ पाऊस हुकलेले. घरात दुभत्या म्हणाव्यात अशा दोनच गाई, त्याही मिळून पेलाभर दूध देत. तरी रोज तिन्हीसांजेला कोको पाचही तुंबे धुरावून ओळीने टांगून ठेवायची.

कोको म्हणजे मासाईंच्या माआ भाषेत आजी. या गोष्टीत मी कुणालाच नाव दिलेलं नाही. त्याचं कारण पुढे येईल.

चुलीपलीकडे नात बसली होती. ती नैरोबीच्या विद्यापीठात साहित्य शिकत होती आणि सुट्टीसाठी काजियाडोच्या दक्षिणेला, बिसिलच्या पुढे असलेल्या आपल्या वस्तीवर आली होती. येताना मटाटूच्या, म्हणजे तिकडच्या वडापच्या खिडकीतून तिने शहराच्या रस्त्याकडेला, दुभाजकावरच्या गवतात तोंड घालून उभ्या असलेल्या गाई पाहिल्या. त्या साली मासाई गुराखी चाऱ्यासाठी थेट नैरोबीत गुरं घेऊन शिरले होते. शहराचं नावच मुळात मासाईंचं. एन्कारे नैरोबी, म्हणजे थंड पाणी.

सुट्टीत एक काम दिलेलं होतं. घरच्या वडीलधाऱ्या माणसाकडून एक लोककथा टिपून आणायची आणि छापील कथेशी ताडून पाहायची. त्यासाठी एक फॉर्म होता. सांगणाऱ्याचं नाव, वय, गाव, कथेचा प्रकार आणि सगळ्यात खाली दोन ओळींचा एक चौकोन : तात्पर्य. ताडून पाहायला तिने दोन पुस्तकं आणली होती. एक नाओमी किपुरी या मासाई विदुषीने मौखिक वाङ्मयावर लिहिलेलं, १९८३ साली निघालेलं. दुसऱ्याचा झेरॉक्स होता. ब्रिटिश अंमलदार ए. सी. हॉलिस यांनी मासाईंची भाषा आणि लोककथा यांवर लिहिलेलं ते पुस्तक १९०५ साली ऑक्सफर्डला छापलं गेलं. त्यात कथा आधी माआ भाषेत आहेत, खाली इंग्रजी.

नातीने माआ मजकूर मोठ्याने वाचायला घेतला. शंभर वर्षांपूर्वी कुणीतरी उच्चारलेले शब्द, एका गोऱ्या माणसाने कानाला जसे लागले तसे रोमन अक्षरांत उतरवलेले. ती अडखळत होती. कोको काठी घोळवता घोळवता मधेच हसायची, एखादा शब्द नीट करून द्यायची. मग हळूहळू तिचं हसू थांबलं आणि ती ऐकू लागली.

गोष्ट लीयोची होती. नाइतेरू-कोप या दैवताने लीयोला सांगून ठेवलं होतं की कुणाचं मूल मेलं तर ते वस्तीबाहेर ठेवताना म्हणायचं, माणसा, मर आणि परत ये. चंद्रा, मर आणि तिकडेच राहा. काही दिवसांनी एक मूल मेलं. ते लीयोचं नव्हतं. त्याला सांगितलं, घेऊन जा. त्याने उचललं, आणि मनाशी म्हणाला, हे काही माझं नाही. मग त्याने शब्द उलटे म्हटले. माणसा, मर आणि तिकडेच राहा. चंद्रा, मर आणि परत ये. आणि तो घरी आला. पुढे त्याचं स्वतःचं मूल गेलं. त्या वेळी त्याने शब्द सरळ म्हटले. नाइतेरू-कोप म्हणाला, आता उपयोग नाही, पहिल्या लेकराच्या वेळी तू ते बिघडवून ठेवलंस. तेव्हापासून चंद्र जातो आणि परत येतो. माणूस गेला की गेला.

वाचून होताच नातीने फॉर्म पुढे ओढला. तात्पर्याच्या चौकोनात तिने लिहिलं : मृत्यूचा उगम सांगणारी कथा, चंद्र परततो, माणूस परतत नाही, याचं कारण.

"काय लिहिलंस?" कोकोने विचारलं.

नातीने वाचून दाखवलं.

कोकोने काठी तुंब्यातून काढली, राखेत खुपसून विझवली. "ते पहिलं लेकरू कुणाचं होतं?"

"लीयोचं नव्हतं."

"ते ऐकलं मी. कुणाचं नव्हतं ते नको. कुणाचं होतं?"

नातीने पान पुन्हा पाहिलं. मग किपुरीबाईंचं पुस्तक चाळलं. मग पुन्हा झेरॉक्स. "दिलेलं नाही, कोको."

"आई होती ना त्याला?"

"असणारच. पण तिच्याबद्दल काही नाही."

"बरं," कोको म्हणाली आणि पुढचा तुंबा घेतला.

ही गोष्ट मी पहिल्यांदा वाचली तेव्हा मीही चंद्राकडेच बघत राहिलो होतो. जगभरच्या मृत्युकथांमध्ये ती ठेवायची, तिचा प्रकार ठरवायचा, पुढच्या पानाकडे वळायचं, ही वाचणाऱ्याची सवय. हॉलिस यांच्या पुस्तकाचं साल लक्षात घेतलं की मात्र ती वेगळी दिसू लागते. १८९० च्या दशकात मासाईंच्या गुरांवर बुळकांडी आली आणि कळपच्या कळप आडवे झाले. पाठोपाठ माणसांवर देवी आली, उपासमार आली. त्या काळाला मासाई 'एमुताई' म्हणतात, सगळं पुसून टाकणारा काळ. त्यातून सावरतात न सावरतात तोच १९०४ चा करार झाला आणि नैवाशाकडची रिफ्ट व्हॅलीतली उत्तम कुरणं गोऱ्या मळेवाल्यांसाठी मोकळी करून घेतली गेली. वर्षभरात पुस्तक छापून आलं. म्हणजे ज्यांनी ही गोष्ट सांगितली त्यांच्यातल्या कितीजणांनी आपल्या हातांनी लेकरं उचलून वस्तीबाहेर ठेवली असतील. सामान्य माणसाला पुरायची रीत तेव्हा नव्हती. कोल्हे-तरस येतील अशा मोकळ्या जागी ठेवून यायचं आणि मागे वळायचं नाही. अशा माणसांनी ही गोष्ट नुसती चंद्राची म्हणून सांगितली असेल, हे मला पटत नाही.

दुसऱ्या दिवशी उन्हं कलताना वस्तीवर परकी माणसं आली.

मासाई वस्तीला, म्हणजे एन्कांगला, बाभळीच्या काट्यांचं गोल कुंपण असतं. आत बायकांनी स्वतः बांधलेली बुटकी घरं, काटक्यांची, शेणामातीने लिंपलेली, आणि मधे गुरांची जागा. आत यायच्या वाटेवर रात्री काटेरी फांदी ओढून घेतात. त्या फांदीपाशी एक माणूस, एक बाई आणि तिच्या शुक्याच्या, म्हणजे अंगावर पांघरायच्या कापडाच्या, घडीत चारेक वर्षांचं पोर. मागे सात वासरं आणि एक मेंढी. वासरांच्या फासळ्या लांबून मोजता येत होत्या. ती लोंगिडोकडून, सरहद्दीपलीकडून आली होती. ती सरहद्द म्हणजे इंग्रज आणि जर्मनांनी १८८६ साली ठरवलेली रेघ. इकडचे मासाई केनियाचे झाले, तिकडचे आता टांझानियाचे. गुरांना आणि दुष्काळाला ती रेघ अजून दिसलेली नाही.

बाईने एक हात वर धरला होता. मुठीत गवत होतं.

मुठीत गवत धरून कुणी समोर उभं राहिलं की मासाईंमध्ये त्याचा अर्थ एकच, मी भांडायला आलेलो नाही, मला अभय द्या. गवत हे गाईचं अन्न, म्हणून पवित्र. ज्याच्यापुढे ते धरलं त्याने हात उगारायचा नसतो. पण त्या साली मैलोनमैल गवताची काडी नव्हती. कोको जवळ गेली आणि तिने त्या मुठीकडे निरखून पाहिलं. गवत काळपट होतं, एका बाजूला शेणाचा पापुद्रा चिकटलेला, धुराचा वास येणारं. ते छपरातून उपसलेलं होतं. बाई आपल्या घराचं छप्पर उसवून निघाली होती. परत जायचं असणारी बाई तसं करत नाही.

"ताक्वेन्या," कोकोने तिला अभिवादन केलं.

"इको," बाईने उत्तर दिलं. आवाज कोरडा पडला होता.

कोकोचा मुलगा, नातीचे वडील, कुंपणाशी आले. रीतीला ते चुकले नाहीत. पाहुण्याचं क्षेमकुशल विचारलं, कुठल्या कुळाचे, कुठल्या वयोगटाचे ते विचारलं. मासाई पुरुषाला वयोगट ही रक्ताइतकी जवळची गोष्ट. दोघांचा गट एक निघाला नाही, कूळही नाही. तरी रात्रीपुरती जागा दिली, चहा दिला, उगाली, म्हणजे मक्याच्या पिठाची उकड, दिली. मग त्या माणसाने जे मागायला आला होता ते मागितलं. मोठी गुरं गेली. सात वासरं राहिलीत. तुमच्या ओलोकेरीत थोडे दिवस सोडू द्या.

ओलोकेरी म्हणजे वासरांसाठी राखून ठेवलेलं कुरण. वस्तीलगतचा एक तुकडा काट्यांनी बंद करतात आणि कितीही ताण पडला तरी मोठी गुरं तिथे सोडत नाहीत. वासरं जगली तर कळप पुन्हा उभा राहतो. यंदा तो तुकडाही जागोजागी खरवडल्यासारखा झाला होता.

"माझी अकरा वासरं आहेत," नातीचे वडील म्हणाले. "वीस दिवसांचं गवत आहे. तुमची सात धरली तर बारा दिवस. बाराव्या दिवशी अठराही मरतील."

हिशेब बरोबर होता. त्यांनी तो त्या रात्री मांडला नव्हता. महिनाभर रोज सकाळी ते कुरणाच्या कडेला उभे राहून तो करत होते. साठावर गुरं होती त्यांची, एकोणीस उरली होती. घरात तान्हं मूल होतं. त्यांच्या जागी दुसरा कुणी असता तर वेगळं काय बोलला असता, मला सांगता येणार नाही.

"सकाळी पुढे जा," ते म्हणाले. "दोन टेकड्या ओलांडल्या की मोठी वस्ती आहे. ते आमच्यापेक्षा बऱ्या स्थितीत आहेत."

पाहुण्याने मान हलवली. त्याची बायको काही बोलली नाही. तिचं पोर चहाचा पेला समोर असून पीत नव्हतं. खोकून झालं की डोळे मिटायचं.

'दोन टेकड्या' हे शब्द ऐकताच कोको उठून आत गेली.

रात्री नात तिच्याशेजारी कातड्याच्या अंथरुणावर पडली. घरात मिट्ट काळोख, धूर जायला ठेवलेल्या मुठीएवढ्या भोकातून एक तारा दिसत होता. पलीकडच्या घरातून पोराचा खोकला ऐकू येत होता. कोको जागी आहे हे नातीला श्वासावरून कळत होतं.

"तू विचारत होतीस ना, गोष्ट सांग म्हणून," कोको म्हणाली. "मला त्या पहिल्या लेकराकडची माहीत आहे."

नात फॉर्म शोधायला उठली नाही.

"एकसष्टचा दुष्काळ. तुझा बाप तेव्हा व्हायचा होता. तुझे आजोबा गुरं घेऊन लांब गेले होते, ते कुठे आहेत, आहेत की नाहीत, कळायला मार्ग नाही. मी एकटी माहेरच्या वाटेला लागले. पाठीवर लेकरू. वाटेत एक वस्ती लागली. मी फांदीपाशी गवत धरून उभी राहिले. एक माणूस आला. चांगला होता गं. ओरडला नाही, हाकललं नाही. माझ्याशी बोलता बोलता आतल्या वासरांकडे बघत होता, मोजत होता. म्हणाला, आमच्याच लेकरांना दूध पुरत नाही. दोन टेकड्या ओलांड, तिकडे मिळेल."

बाहेर एखादं जनावर उसासलं.

"मी ओलांडल्या. दुसऱ्या टेकडीवर का पहिल्या, मला कळलं नाही. पाठीवरचं ओझं तेवढंच होतं. तिकडच्या वस्तीतल्या बाईने दूध दिलं, मी लेकराला पुढे घेतलं, तेव्हा कळलं."

नातीने हात पुढे केला. कोकोचा हात खरखरीत आणि गार होता.

"मग त्या वस्तीतला एक म्हातारा उठला. परका. त्याचं कुणी नव्हे मी. म्हणाला, दे. घेऊन गेला. येताना त्याला फार उशीर झाला. मी विचारलं नाही, तिकडे काय म्हणालात. पण इतका उशीर झाला म्हणजे काहीतरी म्हणाला असेल."

"त्याचं नाव काय होतं, कोको? बाळाचं?"

कोको गप्प राहिली, आणि नातीच्या लक्षात आलं की आपण काय विचारलं.

मेलेल्याचं नाव मासाई घेत नाहीत. ते नाव बोलीतल्या एखाद्या साध्या शब्दासारखं असेल तर घरातली माणसं तो शब्दही टाकून देतात आणि त्या वस्तूला दुसरं काहीतरी म्हणू लागतात. हॉलिस यांनीही हे टिपून ठेवलं आहे. नातीने ते पान परीक्षेसाठी वाचलं होतं. पावसानंतर उगवणाऱ्या कोवळ्या गवताला सगळी वस्ती जो शब्द वापरते तो कोकोच्या तोंडी तिने कधीच ऐकला नव्हता. कोको म्हणायची, पावसाचे केस. लहानपणी नातीला तो कोकोचा लाडका शब्द वाटायचा. शाळेत एकदा निबंधात तिने तो वापरला होता आणि बाईंनी त्याखाली रेघ मारून शाबासकी दिली होती.

आज काळोखात पडल्या पडल्या तिला कळलं की पावसाचे केस म्हणजे काय.

"लीयोने वाईट काय केलं, सांग," कोको म्हणाली. "लेकरू उचललं. नेलं. ठेवलं. सगळं केलं. नुसते शब्द तेवढे आपल्या घरासाठी राखून ठेवले. तो त्या दिवशी घरी जाऊन जेवलासुद्धा असेल. ती आई कुठे गेली असेल, ते तुझ्या पुस्तकात पाहिजे होतं."

पहाटे नातीला जाग आली तेव्हा अंथरुणावर कोको नव्हती.

ती ओलोकेरीच्या तोंडाशी बसली होती. पाहुण्या बाईच्या हातातलं ते काळपट गवत तिने मागून घेतलं होतं आणि कुरणाच्या वाटेवरच्या काटेरी फांदीत खोचून ठेवलं होतं, मधोमध, दिसेल असं. आणि बाजूला सरून, गुडघे पोटाशी घेऊन, शुका डोक्यावरून ओढून ती बसून राहिली होती.

नातीचे वडील अकरा वासरं हाकत आले. फांदी ओढायला हात घातला आणि गवत दिसलं. हात तिथेच थांबला.

"येयो," ते आईला म्हणाले, "हे काय?"

"काही नाही. तू तुझी वासरं सोड."

ते सोडू शकत नव्हते. गवत काढून फेकल्याशिवाय फांदी हलणार नव्हती, आणि अभयासाठी पुढे केलेलं गवत कुठला मासाई माणूस फेकेल? ते बराच वेळ उभे राहिले. वासरं एकमेकांना ढुशा देऊ लागली.

"तुला माहीत आहे ना, किती दिवसांचं गवत आहे?"

"वीस."

"आणि त्यांची सात आली तर?"

"बारा. काल ऐकलं मी."

"मग?"

"मग बारा दिवसांचं तरी आहे," कोको म्हणाली.

नातीला वाटलं, आता आजी रात्रीची गोष्ट सांगेल. वडिलांना ती माहीत नसणार. पण कोको पुढे एक अक्षर बोलली नाही. आपलं दुःख तिने मुलाच्या हिशेबात टाकलं नाही. मला या सगळ्यात तिची ही गोष्ट फार मोठी वाटते. ते सांगितलं असतं तर मुलाने आईसाठी फांदी उघडली असती. फांदी त्या बाईसाठी उघडायला हवी होती.

वडिलांनी खोचलेलं गवत अलगद काढलं, स्वतःच्या शुक्याच्या गाठीत बांधलं आणि मागे वळून हाक दिली, "त्यांना म्हणावं, वासरं घेऊन या."

नवव्या दिवशी गवत संपलं. हिशेब तीन दिवसांनी चुकला होता, कारण अठरा तोंडं नुसती खात नाहीत, खुरांनी तुडवतातही. वडिलांची दोन वासरं गेली. त्यातलं एक पांढऱ्या पोटाचं, ज्याला ते मुलासारखं नावाने हाक मारायचे. पाहुण्यांची तीन गेली. पाऊस आला नाही. आकाशात ढगही दिसला नाही. पण पोराचा खोकला कमी झाला होता. त्या दोन गाईंच्या पेलाभर दुधातलं निम्मं कोको त्याला पाजत होती, धुरावलेल्या तुंब्यातून, थोडं थोडं. तान्ह्याच्या आईने पहिले दोन दिवस तोंड फिरवलं. तिसऱ्या दिवशी तिने स्वतःच तुंबा उचलून दिला.

दहाव्या दिवशी ती माणसं कितेंगेलाच्या दिशेने निघाली, तिकडे त्यांचं कुणी लांबचं होतं. निघताना पाहुण्याने मेंढी पुढे केली. ती एकच होती त्यांच्याकडे.

वडील दोन पावलं मागे सरले. ती मेंढी घेतली की काय होतं ते वस्तीतल्या पोरासोरांनाही माहीत होतं. मासाईंमध्ये एकाने दुसऱ्याला जनावर दिलं की त्या दिवसापासून दोघांची नावं गळून पडतात आणि दोघे एकमेकांना त्या जनावराच्या नावाने हाक मारतात. गाय दिली तर पाकितेंग, मेंढी दिली तर पाकेर. मग कूळ वेगळं, वयोगट वेगळा, सरहद्द वेगळी, याला अर्थ राहत नाही. पाकेर दारात आला तर त्याला दोन टेकड्या दाखवता येत नाहीत.

वडिलांनी मेंढीच्या पाठीवर हात ठेवला. तिच्या अंगावर लोकर कमी आणि हाडं जास्त होती.

"पाकेर," ते म्हणाले.

"पाकेर," तो माणूस म्हणाला.

बाईने पोराला खाली उतरवलं. ते कोकोपुढे आलं आणि लहान मुलांनी मोठ्यांपुढे वाकवावी तशी त्याने मान वाकवली. कोकोने तळहात त्याच्या टाळूवर टेकला. रीतीप्रमाणे हात टेकवून उचलायचा असतो. तिने उचलला नाही, तो तिथेच राहिला, पोर कंटाळून मान वर करून बघेपर्यंत.

नात नैरोबीला परतली. फॉर्ममधली तात्पर्याची ओळ तिने खोडून टाकली आणि दुसरी सुचली नाही म्हणून चौकोन तसाच ठेवला. कोकोचं एकसष्ट सालचं बोलणं तिने फॉर्मवर लिहिलं नाही. झेरॉक्सच्या त्या पानावर मात्र समासात पेन्सिलीने बारीक अक्षरात लिहिलं : पहिलं लेकरू कुणाचं? आई कुठे गेली? विद्यापीठात गुण त्यामुळे कमी पडले की नाही, हे तिने घरी सांगितलं नाही.

पाऊस डिसेंबर सरता सरता आला. उशिरा, आणि आला तो धो धो. जी गुरं दुष्काळातून वाचली होती त्यांतली काही त्या गार पावसात कुडकुडून गेली. जानेवारीत नात पुन्हा वस्तीवर आली तेव्हा ओलोकेरीत पावसाचे केस वीतभर वाढले होते आणि मेंढीला कोकरू झालेलं होतं.

१५ जानेवारी २०१० ला सकाळी सूर्यग्रहण झालं. चंद्र सूर्यापुढे आला, ऊन पिवळं पडलं, गुरं गोंधळून थांबली. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी पश्चिमेला, क्षितिजाच्या अगदी लगत, नखाएवढी कोर दिसली. वस्तीतली पोरं ओरडत बाहेर पळाली. नवा चंद्र दिसला की मासाई डाव्या हाताने त्याच्याकडे काडी किंवा खडा फेकतात आणि काहीतरी मागतात. बहुधा आयुष्य.

कोकोने वाकून काडी उचलली. डाव्या हातात घेतली. खांदा दुखत होता म्हणून नीट फेकता आली नाही, काडी जवळच कुंपणात पडली. तिचे ओठ हलले.

नातीच्या कडेवर तिचा धाकटा भाऊ होता, आता सहा महिन्यांचा, कोकोच्या मण्यांच्या माळा ओढणारा. नातीने विचारलं, "याच्यासाठी मागितलंस?"

"याच्यासाठी मागणारे घरात पुष्कळ आहेत," कोको म्हणाली. "ते पाकेरचं पोर. अजून खोकत असेल रात्रीचं."